‘कासा’ म्हणजे भरून पावले

पत्र : माझ्या मुलीने इथिओपियाच्या मुलाशी लग्न केलं आहे. तो पुण्यात शिकायला होता. आता दोघं अदिस अबाबाला असतात. दोन वर्षांपूर्वी तिचं पहिलं बाळ तिसऱ्या दिवशी गेलं. तो विषय आम्ही घरात काढत नाही. आता देवदयेने मुलगा झाला, तीन आठवड्यांचा आहे. विहीणबाई पहिल्या दिवसापासून त्याला ‘कासा’ म्हणतात आणि मुलीने, जावयाने तेच नाव पक्कं केलं. मोबाइलवर अर्थ शोधला, तर ‘नुकसानभरपाई’ असा निघाला. माझा नातू म्हणजे काय अपघातानंतर हातात ठेवलेला चेक आहे का? मी मनात वेगळं नाव धरून बसले होते. त्यातून कागदावर आडनाव नाही, मुलीने नवऱ्याचं नाव लावलेलं नाही. बाळाचे मामेभाऊ आत्ताच ‘कसा काय कासा’ करून चिडवतात आणि भाऊबंद ‘हबशाकडे दिली’ म्हणतात ते वेगळंच. चाळिसाव्या दिवशी त्यांच्या चर्चमध्ये नामकरण आहे. त्याआधी मुलीला नाव बदलायला सांगू का? — एक आजी, नाशिक

ताई,

नाव बदलायला सांगू नका. आधी हे स्पष्ट सांगते, म्हणजे पुढचं वाचताना मन अधांतरी राहणार नाही. मोबाइलने सांगितलेला अर्थ खोटा नाही. अम्हारिक भाषेत सरकारने जमीन घेतली की मिळतात त्या पैशालाही ‘कासा’च म्हणतात. पण तो शब्द तिथल्या बायकांच्या तोंडी कधी येतो, हे मोबाइलला माहीत नाही. मला ते योगायोगाने माहीत आहे.

१९७०च्या सुमारास माझे वडील इथिओपियात गणिताचे शिक्षक होते. सम्राट हाइले सेलासींच्या त्या काळात तिथल्या शाळांमधून भारतीय शिक्षक पुष्कळ असत. आम्ही बाहिर दारला राहायचो, ताना सरोवराच्या काठी. शेजारच्या बाईंचा मुलगा माझ्याहून दोनेक वर्षांनी लहान. दिवस कलला की त्या दारात उभ्या राहून पाण्याच्या दिशेने हाक मारायच्या, ‘कासाये!’ आणि तो चिखलाच्या पायांनी धावत यायचा. शेवटचा ‘ये’ म्हणजे ‘माझा’. आपण ‘माझ्या सोन्या’ म्हणतो, त्यातला ‘माझ्या’ त्या एका अक्षरात येतो.

एकदा त्यांनी आईला कॉफीला बोलावलं. तिकडची कॉफी म्हणजे दोन तासांची निवांत बैठक असते. हिरवे दाणे धुऊन कोळशावर तव्यात भाजतात आणि धूर निघायला लागला की तवा प्रत्येकीच्या पुढ्यात फिरवतात, वास घ्यायला. मग कुटून, मातीच्या लांब मानेच्या जेबेनात उकळून, एकामागून एक अशा तीन फेऱ्या. आईला भाषा येत नव्हती, मी शाळेत शिकले होते, म्हणून मी मधे बसून दोघींचं बोलणं एकमेकींना सांगत होते. आईने सहज नावाचा अर्थ विचारला. त्या म्हणाल्या, याच्याआधी मुलगी होती, गोवराने गेली. तेव्हा भेटायला येणारी प्रत्येक बाई एकच वाक्य म्हणायची, ‘एग्झेर यिकासिश’. देव तुझं भरून काढो. वर्षभर मी हे वाक्य ऐकलं. मग हा झाला.

आईने माझ्याकडून ते दोनदा वदवून घेतलं आणि मग स्वतःच मराठीत म्हणाली, ‘म्हणजे भरून पावले.’

ताई, मला आजवर ‘कासा’चा याहून चांगला अनुवाद सापडलेला नाही. ‘भरून पावलो’ हासुद्धा मुळात हिशेबाचाच शब्द आहे. जुन्या खरेदीखतांत असायचा, ‘रक्कम भरून पावलो, तक्रार नाही’. तोच शब्द आपल्या आज्या नातवाचं तोंड पाहून डोळ्यांना पदर लावत म्हणायच्या. हल्ली आपण तो चिडून, उलट्या अर्थानेही वापरतो, पण खऱ्या मनाने म्हटला तर त्यात पैशाचा लवलेश उरत नाही. ‘कासा’चंही तसंच आहे. दोन वर्षांपूर्वी तुमच्या विहीणबाईंच्या घरी येणाऱ्या प्रत्येकीने तुमच्या मुलीला ‘यिकासिश’ म्हटलं असणार. विहीणबाईंनी स्वतः म्हटलं असणार. ‘कासा’ हे त्या वाक्याला आलेलं उत्तर आहे. ते देवाला उद्देशून आहे, बाळाची किंमत ठरवायला नाही.

तिकडची नावं अशीच, घडलेल्या गोष्टीवर बोलणारी असतात. कित्येक नावं तर अख्खं वाक्य असतात. अबेबे म्हणजे ‘तो उमलला’. बेकेले म्हणजे ‘तो उगवला’. कासाहुन म्हणजे ‘तू भरपाई हो’, त्यातला ‘हुन’ हा आपला आज्ञार्थी ‘हो’. मुलगी असेल तर कासेच, ‘तिने भरून काढलं’. मास्रेशा म्हणजे विसर पाडणारा, अर्थात दुःखाचा. १९७४ साली अफार भागात हादारला मानवाच्या पूर्वज जातीतल्या, सुमारे ३२ लाख वर्षांपूर्वीच्या मादीचा सांगाडा सापडला, जगाने तिला ल्युसी म्हटलं, इथिओपियन लोक तिला दिंकनेश म्हणतात. ‘नेश’ म्हणजे ‘तू आहेस’, बाईला उद्देशून. दिंकनेश, तू अद्भुत आहेस. हाडांनासुद्धा समोर बसवून बोलल्यासारखं नाव.

एक नाव मात्र मला लहानपणापासून चटका लावतं. अलेमायेहु, ‘मी जग पाहिलं’. सम्राट तेवोद्रोसच्या लेकाचं हे नाव. १८६८ साली इंग्रजांची फौज मुंबईहून जहाजांनी, हत्तींसकट, तिकडे गेली. मग्दलाचा किल्ला पडला, तेवोद्रोसने स्वतःला संपवलं आणि सात वर्षांच्या पोराला इंग्लंडला नेलं. १८७९ मध्ये अठराव्या वर्षी तो तिथेच वारला. आणि या तेवोद्रोसचं गादीवर बसण्याआधीचं नाव माहीत आहे? कासा. पुढे सम्राट झालेल्या चौथ्या योहान्निसचंही जन्मनाव कासाच. तेव्हा हे काही कोपऱ्यातलं, कुणाला ऐकवायला संकोच वाटावा असं नाव नाही.

आता तुमच्या मनातली खरी भीती. हे नाव घेऊन पोराला जन्मभर दुसऱ्या बाळाची जागा भरावी लागेल का? ही भीती मी हसण्यावारी नेणार नाही. नावं माणसाला जखम करू शकतात, हे आपल्या महाराष्ट्राला चांगलं माहीत आहे. मुलीनंतर मुलगी झाली की ‘नकुसा’ ठेवणारी घरं होती. २०११च्या ऑक्टोबरात साताऱ्यात अशा २८५ मुलींना समारंभाने नवी नावं दिली, ती द्यायलाच हवी होती. त्या नावाने पोरीला रोज सांगितलं जायचं की तू नको होतीस. दुसऱ्या बाजूला आपल्याकडे धोंडू, दगडू, केरबा, भिकाजीही होते. मुलं जगत नाहीत म्हणून दृष्ट लागू नये, काळाची नजर वळावी, यासाठी मुद्दाम हलकं नाव. ते ठेवणाऱ्या आईचा जीव त्या पोरात किती अडकलेला असायचा, हे वेगळं सांगायला नको. म्हणजे शब्दाचा कोशातला अर्थ पाहून नावाचा निवाडा होत नाही. कोण, कुणाला, कुठल्या क्षणी म्हणालं ते पाहावं लागतं. ‘कासा’ म्हणणारी आजी बाळाला ‘तू आलास आणि आमचं भरून निघालं’ असं सांगते आहे. अम्हारिकमध्ये मितिकु असंही एक नाव आहे, त्याचा अर्थ ‘बदली आलेला’. ते नाव असतं तर मीही थोडी थबकले असते, हे तुम्हाला मोकळेपणाने सांगते.

एक विचारू? रागावू नका. तुमच्या पत्रात त्या पहिल्या बाळाबद्दल दोन वाक्यं आहेत आणि त्यातलं दुसरं, ‘तो विषय आम्ही घरात काढत नाही’. मला वाटतं, बोच तिथे आहे. आपल्याकडे तीन दिवसांचं बाळ गेलं की त्याचं बारसं झालेलं नसतं, नाव नसतं, फोटो लपवतात आणि पुढचं मूल झालं की ‘झालं गेलं विसर’ म्हणतात. हे मायेनेच होतं, मीही माझ्या धाकट्या जावेशी असंच वागले होते आणि त्याची रुखरुख मला अजून आहे. बारा वर्षांनी ती मला म्हणाली, ‘ताई, एकानेही मला विचारलं नाही हो, ती दिसायला कशी होती.’ तिला नंतर दोन मुलं झाली, तरी तिच्या मोजणीत ती तीनच होती.

तुमच्या मुलीच्या सासरी मात्र नाव असं ठेवलंय की ते उच्चारलं की आधी कुणीतरी येऊन गेलं हेही आपोआप त्यात येतं. ‘कासा’ कशाची, हे तिथे प्रत्येकाला कळतं. तुमच्या मुलीने ते नाव सासूच्या दडपणाखाली पत्करलं असेल, ही एक शक्यता आहे. पण हेही असू शकतं की तिला तेच हवं होतं, कारण त्या नावात तिचं पहिलं बाळ पुसलं जात नाही. यातलं खरं काय ते मी इथे बसून सांगू शकत नाही, तिला विचारावं लागेल. आणि विचारताना ‘हे काय नाव ठेवलंस’ असं नको. दुपारी बाळ निजलं असेल तेव्हा फोन करा (आपल्या अडीच तास मागे असतात ते) आणि पहिल्या बाळाबद्दल विचारा. केस होते का, कुणाच्या वळणावर गेलं होतं. दोन वर्षं तुम्हीही ते मनात दाबून ठेवलंय, तुम्हीही आजी होतात त्याची. नावाचा विषय त्यातून आपला आपण निघेल. ती म्हणाली, ‘आई, मलाही हे नाव जड जातं’, तर तुम्ही तिच्या बाजूने उभ्या राहा, आणि हे जावयाला तिनेच सांगू द्या. ती म्हणाली, ‘मला आवडतं’, तर तिथे थांबा.

तुम्ही मनात धरलेल्या नावाचंही वाया जायचं कारण नाही. तिकडे एका मुलाला अनेक नावं असणं नेहमीचं आहे. घरातली वडीलधारी माणसं आपापल्या नावाने बाळाला हाक मारतात आणि ती नावं जन्मभर चालतात. आजीचं नाव वेगळं, मावशीचं वेगळं. तुम्हीही आजी आहात. तुमचं नाव तुम्ही ठेवा, फोनवर त्याच नावाने हाक मारा. कुणाचं नाव बाजूला सारायची गरजच नाही.

चाळिसाव्या दिवशीचा विधी म्हणजे क्रिस्तिन्ना, बाप्तिस्मा. इथिओपियाच्या ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये मुलाचा चाळिसाव्या आणि मुलीचा ऐंशीव्या दिवशी करतात. त्या दिवशी ‘कासा’ ठरत नाही. त्या दिवशी चर्चचं निराळंच नाव मिळतं, बहुतेक देवाशी किंवा संताशी जोडलेलं. गेब्रे मारियाम म्हणजे मरियमचा दास, वोल्दे गियोर्गिस म्हणजे जॉर्जचा पुत्र. आपला रामदास, तसं. ते नाव प्रार्थनेत आणि शेवटी अंत्यविधीत घेतात, एरवी शेजाऱ्यालाही ठाऊक नसतं. हाइले सेलासी, ‘पवित्र त्रैक्याचं सामर्थ्य’, हे असंच बाप्तिस्म्याचं नाव. जन्मनाव तफारी. १९३०च्या नोव्हेंबरात राज्याभिषेक झाला तेव्हा त्यांनी ते आतलं नाव बाहेर आणलं. बाळाच्या गळ्यात त्या दिवशी दोरा बांधतील, त्याला मातेब म्हणतात. तो पाहून दचकू नका, आपण बाळाच्या कमरेला काळा गोफ बांधतो ना.

आडनावाचं तर आपल्याला सगळ्या जगात सर्वात लवकर कळायला हवं. आपण स्वतःचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव असं लिहितो. त्यांनी आडनाव ठेवलंच नाही. स्वतःचं नाव, मग वडिलांचं, मग आजोबांचं. १९६०च्या रोम ऑलिंपिकमध्ये अनवाणी धावून मॅरेथॉन जिंकणाऱ्या अबेबे बिकिलाला आपण ‘बिकिला’ म्हणतो, पण बिकिला हे त्याच्या वडिलांचं नाव. तो अबेबे. म्हणून तिकडे मोठ्या माणसालाही मान देताना पहिलंच नाव घेतात, त्याआधी ‘आतो’, विवाहित बाईंना ‘वेइझेरो’. आणि बाई लग्नानंतर वडिलांचं नाव टाकत नाही, कारण वडील तेच राहतात. तुमच्या विहीणबाईंनीही टाकलेलं नसणार. तुमच्या मुलीने नवऱ्याचं नाव लावलं नाही, यात सासरच्यांना काही खटकलेलं नाही, उलट लावलं असतं तर त्यांना कोडं पडलं असतं. आपल्याकडेही १ मे २०२४ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचं नाव आलं आहेच. एवढंच करा, परदेशी अर्जांत वडिलांचं किंवा आजोबांचं नाव आडनावाच्या रकान्यात जाऊन बसतं आणि आई-मुलाचं ‘आडनाव’ जुळत नाही, म्हणून प्रवासात बाळाचा जन्मदाखला मुलीने जवळ ठेवावा. दोन शब्दांचं जोडनाव असेल, गेब्रे मारियामसारखं, तर ते सगळीकडे एकसारखं लिहावं. नुसतं ‘गेब्रे’ म्हणजे नुसतं ‘दास’ होतं.

भाऊबंदांबद्दल. ‘हबशी’ आणि त्या लोकांचा स्वतःचा ‘हबेशा’ हे शब्द एकाच मुळाचे आहेत, ते आजही अभिमानाने स्वतःला हबेशा म्हणतात. आपल्याकडे त्याला गुलामांच्या बाजाराचा वास लागला. मलिक अंबर त्याच बाजारातून दख्खनला आला. त्याचं जन्मनाव चापू होतं असं सांगतात, पुढची नावं धन्यांनी दिली. त्याने १६१० साली खडकी वसवली, जिचं पुढे औरंगाबाद झालं. १६२४ साली भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्याच बाजूने लढले. तुमच्या अंगणात पुन्हा ‘हबशाकडे दिली’ ऐकू आलं तर गप्प बसू नका. जावयाचं नाव घेऊन सांगा की तो आमचा जावई आहे. हे तुम्हीच म्हणायला हवं, मुलगी तिकडून म्हणू शकत नाही.

मामेभावांच्या ‘कसा काय’ला एक सोपा उपाय आहे. पोरांना ते नाव लिहायला शिकवा. अम्हारिक लिपी आपल्या बाराखडीसारखीच आहे, प्रत्येक व्यंजनाची सात रूपं, स्वर बदलला की अक्षराचं अंग थोडं बदलतं. ‘कासा’ची दोन्ही अक्षरं चौथ्या रूपात, ‘आ’कारात आहेत आणि तिथे दोन्हींचा उजवा पाय खाली लांब ओढतात. आपण काना देतो, तोही उजवीकडेच. माझ्या नातीला मी हे दाखवलं तेव्हा तिने अख्खी वही त्या अक्षरांनी भरली.

आणि बारसं. बाळ नाशिकला येईल तेव्हा जरूर करा, बाराव्या दिवसाचा हट्ट नको. पण आठवा, आपल्याकडे बाळाच्या कानात नाव कोण सांगतं? आत्या. म्हणजे आपल्याही रीतीने नाव बापाच्या घरूनच येतं. बाळाची आत्या आली तर तिला पाळण्याजवळ बसवा, तिने ‘कासा’ सांगावं, मग तुम्ही तुमचं नाव सांगा. घुगऱ्या दोघींच्या हातून वाटा.

तोवर थांबवत नसेल, आणि पत्रावरून वाटतं की नाहीच थांबवत, तर चाळिसाव्या दिवसाला तुम्हीच जा. मुंबईहून अदिस अबाबाला थेट विमान आहे. इथिओपियाहून परत येताना आपले लोक पिवळ्या तापाच्या लसीचा दाखला पाहतात आणि तो लस टोचल्यावर दहा दिवसांनी लागू होतो, म्हणून तिकिटाआधी ती वेळ घ्या, याच आठवड्यात. सोबत आळिवाचे लाडू न्या. तिकडे बाळंतिणीच्या घरी गेन्फो करतात, जवाच्या पिठाचा घट्ट उकडलेला गोळा, मधे खळगा, त्यात मसाल्याचं लोणी आणि लाल तिखट. सगळ्या जणी एकाच ताटातून कडेकडेने खातात. विहीणबाई तुम्हाला हाताला धरून त्या ताटाशी बसवतील. त्यांना त्यांच्या भाषेत एवढंच म्हणा, ‘एग्झेर कासेन’. देवाने आपलं भरून काढलं. उच्चार मुलीकडून फोनवर घोकून घ्या.